संशय, ‘मी’ आणि निबंध

व्यक्तिनिष्ठ निबंध हा वाङ्मयप्रकार सोळाव्या शतकात फ्रान्समध्ये जन्मला, आणि त्याच्या जन्माला एका जुन्या ग्रीक तत्त्वज्ञानाचे पुनरुज्जीवन कारण झाले. ते तत्त्वज्ञान म्हणजे संशयवाद. ‘मला असे वाटते’ या शब्दांनी सुरू होणारे आणि आपल्याच वाटण्याला उलटे प्रश्न विचारणारे गद्य त्याआधी युरोपात जवळजवळ नव्हते. ख्रिश्चन परंपरेत आत्मनिवेदन होते, पण ते देवापुढे दिलेली कबुली असे. रोमन परंपरेत सेनेकाची पत्रे होती, पण ती शिष्याला केलेल्या उपदेशाची. स्वतःला अभ्यासाचा विषय करायचे आणि त्या अभ्यासातून कोणताही सिद्धान्त मांडायचा नाही, ही कल्पना मिशेल द माँतेन याच्या लेखनाने रुजवली.

या तत्त्वज्ञानाचे मूळ शोधताना भारताचे नाव येते, ही गोष्ट मराठी वाचकाला जवळची वाटेल. एलिसचा पिऱ्हो हा संशयवादाचा आद्य पुरुष मानला जातो. अलेक्झांडरच्या स्वारीबरोबर तो भारतापर्यंत आला आणि इथल्या नग्न साधूंना भेटला, असे त्याचा चरित्रकार डायोजिनिस लेर्शियस सांगतो. पिऱ्होने स्वतः काही लिहून ठेवले नाही. त्याच्या परंपरेचे सविस्तर विवेचन सेक्स्टस एम्पिरिकस या वैद्याच्या ग्रंथांतून हाती येते. ते थोडक्यात असे. प्रत्येक मताविरुद्ध तेवढ्याच वजनाचे दुसरे मत उभे करता येते. दोन्ही पारडी सारखी झाली की निर्णय थांबवावा. निर्णय थांबवला की मनाला स्वस्थता येते. ‘काहीच कळू शकत नाही’ असेही हा संशयवादी म्हणत नाही, कारण तोही एक निर्णयच होईल. तो शोध चालू ठेवतो, आणि रोजच्या जगण्यात आपल्या देशाच्या रीतीभाती, आपली भूक-तहान आणि आपला व्यवसाय यांना धरून राहतो. हा शेवटचा भाग अनेकदा नजरेआड होतो. संशयवादी म्हणजे नास्तिक किंवा बंडखोर असे समीकरण त्यामुळेच पक्के झाले. पुढच्या सगळ्या इतिहासात ते चुकीचे ठरत आले आहे.

भारतीय दर्शनांत संशयाला मानाची जागा आहे. न्यायसूत्रांच्या सोळा पदार्थांत प्रमाण आणि प्रमेय यांच्या पाठोपाठ संशयाचा क्रम लागतो. जिथे संशय नाही तिथे विचाराला सुरुवातच नाही, अशी नैयायिकांची भूमिका आहे. जयराशिभट्टाच्या ‘तत्त्वोपप्लवसिंह’ या ग्रंथात तर सगळीच प्रमाणे एकामागून एक मोडीत काढली आहेत. या ग्रंथाची ताडपत्री पोथी १९२६ मध्ये पाटण येथे सापडली आणि १९४० मध्ये बडोद्याहून तो छापला गेला. म्हणजे मराठी निबंध घडत होता त्या काळात हा ग्रंथ मराठी लेखकांच्या हाती नव्हता. त्यांच्या कानावर पडलेली शिकवण होती ती गीतेच्या चौथ्या अध्यायाची, संशयी माणसाचा नाश होतो असे बजावणारी. मराठीत संशयाला स्वतःचे घर मिळायला वेळ लागला, त्याचे एक कारण इथे आहे.

युरोपात संशयवाद परतला तो धर्मकलहाच्या तोंडावर. १५१७ मध्ये ल्यूथरने रोमच्या अधिकाराला आव्हान दिले आणि एक जुना प्रश्न जिवंत झाला: खरे काय हे ठरवण्याचे माप कोणते, आणि ते माप खरे आहे हे कशावरून? पोपचा निर्णय की बायबलाचे प्रत्येकाने लावलेले वाचन, यांतले एकही माप दुसऱ्या पक्षाला मान्य नव्हते. सेक्स्टसने मापाबद्दल हीच अडचण दाखवून ठेवली होती. १५६२ मध्ये आंरी एतिएन याने सेक्स्टसच्या संशयवादी रूपरेषेचे लॅटिन भाषांतर छापले. त्याच वर्षी फ्रान्समध्ये कॅथलिक आणि ह्यूगनो, म्हणजे फ्रेंच प्रोटेस्टंट, यांची यादवी पेटली. ती १५९८ पर्यंत थांबत पेटत राहिली. १५७२ च्या संत बार्थोलोम्यूच्या रात्री पॅरिसमध्ये कत्तल झाली ती आपल्या बाजूच्या सत्याबद्दल तिळमात्र शंका नसलेल्या माणसांच्या हातून. संशयवादाचे पुस्तक या वातावरणात वाचले गेले, हे ध्यानात घेतल्याशिवाय माँतेनच्या शांत सुराची किंमत कळत नाही.

माँतेन १५३३ मध्ये बोर्दोजवळच्या वडिलोपार्जित गढीत जन्मला. वडिलांनी त्याला अगदी तान्हेपणापासून लॅटिनमध्येच वाढवले. त्यासाठी फ्रेंच न येणारा जर्मन शिक्षक ठेवला आणि घरच्या नोकरांनाही पोरापुढे लॅटिन शब्दच बोलायला लावले. पुढे तो बोर्दोच्या न्यायसभेत सल्लागार झाला. तिथे एतिएन द ला बोएसी या मित्राशी त्याचे जे नाते जुळले ते त्याच्या आयुष्यातले सर्वांत मोठे नाते ठरले. १५६३ मध्ये तो मित्र गेला. बोलायला माणूस उरले नाही, म्हणून माँतेन कागदाशी बोलू लागला, असे अनेक अभ्यासक मानतात आणि ते पटण्याजोगे आहे. १५७१ मध्ये अडतिसाव्या वाढदिवशी त्याने नोकरी सोडल्याचा लेख भिंतीवर रंगवून घेतला आणि गढीच्या गोल बुरुजातल्या ग्रंथालयात बसायला सुरुवात केली. त्या खोलीच्या तुळयांवर त्याने ग्रीक आणि लॅटिन वचने रंगवून घेतली होती. त्यांतली कित्येक सेक्स्टसची आणि बायबलातल्या ‘उपदेशक’ या पुस्तकातली आहेत. १५७६ मध्ये त्याने तराजूचे चित्र असलेले एक पदक पाडून घेतले. पारडी समतोल, आणि सोबत निर्णय थांबवण्याचा ग्रीक शब्द.

‘निबंधां’ची पहिली दोन पुस्तके १५८० मध्ये बोर्दोत निघाली, तिसरे १५८८ मध्ये पॅरिसमध्ये. त्यानंतरही १५९२ मध्ये मरेपर्यंत तो छापील प्रतीच्या समासात भर घालत राहिला. मारी द गूर्ने हिने १५९५ मध्ये त्या भरीसह आवृत्ती काढली. माँतेन भर घालत असे, पण आधीचे मत सहसा खोडत नसे. तिशी-चाळिशीतला माणूस एक म्हणतो, पन्नाशीतला त्याच परिच्छेदात त्याला छेद देतो, आणि दोघेही पानावर शेजारी शेजारी राहतात. संशयवादाने दिलेली ही लेखनपद्धती आहे. तत्त्वज्ञानात परस्परविरोध हा दोष मानतात. माँतेनने तो माणसाचे खरे वर्तन म्हणून तसाच ठेवला.

या पुस्तकातला सर्वांत लांब निबंध रेमों सेबों या धर्मशास्त्रज्ञाच्या समर्थनार्थ लिहिलेला आहे. सेबोंचे पुस्तक माँतेनने वडिलांच्या इच्छेखातर भाषांतरित केले होते. बुद्धीच्या बळावर श्रद्धा सिद्ध करता येते असे सेबोंचे म्हणणे. समर्थन करता करता माँतेन बुद्धीच्या दाव्यांनाच एकेक करून हात घालतो. इंद्रिये फसवतात, पंडितांची मते एकमेकांशी भांडतात, एका नदीच्या अलीकडचा न्याय पलीकडे गुन्हा ठरतो, प्राण्यांना आपण मूर्ख समजतो पण त्यांना आपल्याबद्दल काय वाटते हे ठाऊक नाही. शेवटी तो श्रद्धेला बुद्धीच्या आधाराशिवाय जागेवर ठेवतो आणि स्वतः कॅथलिक राहतो. हे ढोंग होते असे काहींनी म्हटले आहे, पण त्याच्या जगण्यात त्याला आधार मिळत नाही. १५८१ मध्ये इटलीच्या प्रवासात तो लोरेतोच्या मेरीच्या देवस्थानाला गेला आणि तिथे चांदीची एक तसबीर वाहिली. तिच्यात मेरीबरोबर तो स्वतः, त्याची पत्नी आणि मुलगी यांच्या आकृती होत्या. सर्व प्रमाणांना प्रश्न विचारणारा माणूस नवस फेडणाऱ्यांच्या गर्दीत उभा होता, आणि त्याने ते प्रवासाच्या नोंदवहीत लपवले नाही.

त्याचा संशय निष्क्रिय मात्र नव्हता. चेटकिणींना जाळण्याच्या काळात, केवळ अंदाजावर जिवंत माणूस जाळायचा तर त्या अंदाजाला फार मोठे मोल दिले जाते, अशा अर्थाचे त्याने लिहिले. ब्राझीलहून रूआँला आणलेल्या आदिवासींशी झालेल्या भेटीवरून त्याने विचारले की रानटी नेमके कोण. बोर्दोचा नगराध्यक्ष म्हणून १५८१ ते १५८५ या काळात त्याला दोन्ही धर्मपक्षांशी बोलावे लागले. आणि शेवटच्या ‘अनुभव’ या निबंधात तो मुतखड्याच्या वेदनेवर, जेवणाच्या सवयीवर, झोपेवर लिहितो. बाहेरच्या जगाबद्दल ठाम बोलता येत नसेल, तर ज्याच्याबद्दल आपल्याइतके दुसऱ्या कुणाला ठाऊक नाही त्या स्वतःबद्दल बोलावे. तिथेही चूक होईल, पण ती चूक निदान आपली असेल. संशयातून ‘मी’ निघाला तो असा.

पुढे ही जोडी तुटली. १५९७ मध्ये बेकनने निबंधाचे नाव उचलले, पण त्याचे निबंध व्यवहारशहाणपणाचे आटीव गोळे आहेत, त्यांत बेकन स्वतः नाही. १६३७ मध्ये देकार्तने संशय उचलला आणि त्याचा उपयोग निश्चित ज्ञानाचा पाया घालण्यासाठी केला. फ्लोरिओने १६०३ मध्ये केलेल्या इंग्रजी भाषांतरामुळे माँतेन इंग्लंडात पोहोचला. अ‍ॅडिसन, लॅम्ब, हॅझ्लिट आणि विसाव्या शतकातले गार्डिनर, लुकस, लिंड अशी वळणे घेत हा निबंध भारतातल्या महाविद्यालयांच्या अभ्यासक्रमात आला. तोवर त्यातला संशय पुष्कळ पातळ होऊन त्याची जागा प्रसन्न लहरीपणाने घेतली होती.

मराठी निबंध या वळणावरून आलेला आहे, म्हणून मराठीत संशय आणि ‘मी’ दीर्घकाळ वेगवेगळ्या घरी राहिले. त्यांची आधीची ओळख मात्र इथल्या मातीत होती. बाराव्या शतकात सोन्नलिगे, म्हणजे आजचे सोलापूर, येथे सिद्धराम तळे खोदवीत आणि देवळे बांधवीत होते. परंपरा सांगते की अल्लमप्रभू तिथे आले आणि या साऱ्या बाह्य पुण्यकर्मालाच त्यांनी प्रश्न केला. सिद्धराम आधी संतापले, मग विचारात पडले आणि पुढे कल्याणच्या शरणांत, म्हणजे शिवभक्तांच्या मंडळीत, सामील झाले. या शरणांची कन्नड वचने पद्याच्या बंधनात नाहीत, ती प्रथमपुरुषी आहेत आणि देऊळ, जात, कर्मकांड, स्वतःची भक्ती, सगळ्यांनाच उलटे विचारतात. अक्कलकोट तालुक्यात आजही घराघरांत मराठी आणि कन्नड एकत्र नांदतात, तेव्हा हा वारसा परक्याचा म्हणता येत नाही. मराठीच्या बाजूला तुकोबांचे स्वतःशी भांडण आहे आणि संत बहिणाबाईंचे आत्मनिवेदन आहे. पण हे सारे पद्यात राहिले. एकोणिसाव्या शतकात गद्य नव्याने घडले तेव्हा त्याने नमुना घेतला तो इंग्रजीचा.

त्या गद्यात आधी आला तो संशय. लोकहितवादींची शतपत्रे १८४८ पासून ‘प्रभाकर’ साप्ताहिकात निघाली. रूढी, पंचांग, पुरोहित, स्वतःच्याच जातीचा आळस यांवर त्यांनी निर्भयपणे प्रश्न उभे केले. विष्णुशास्त्री चिपळूणकरांच्या ‘निबंधमाले’ने १८७४ पासून मराठी गद्याला डौल आणि जोर दिला, पण तिचा सूर निर्णयाचा, बहुतेक वेळा झोडपण्याचा होता. आगरकर मिल आणि स्पेन्सर वाचून अज्ञेयवादापर्यंत पोहोचले होते. १८८८ मध्ये त्यांनी ‘सुधारक’ काढला आणि इष्ट असेल ते बोलून दाखवण्याची किंमत जन्मभर मोजली. डोंगरीच्या तुरुंगातल्या १०१ दिवसांवरचे त्यांचे पुस्तक वाचताना एक मिश्किल, हळवा, स्वतःकडे पाहणारा माणूस भेटतो. ‘सुधारक’च्या अग्रलेखांत तो माणूस मागे सरतो, कारण लढाई चालू होती. माँतेनकडे बुरुज होता, आगरकरांकडे नव्हता. व्यक्तिनिष्ठ निबंध त्यांच्या हातून झाला नाही हे मराठीचे नुकसान आहे, आणि त्याला ते जबाबदार नाहीत.

याच दशकांत अक्कलकोट येथे स्वामी समर्थांचा मुक्काम होता. १८७८ मध्ये त्यांनी तिथेच देह ठेवला. ‘निबंधमाला’ पुण्यात निघत होती तेव्हा अक्कलकोटच्या वाटेवर गाड्याच्या गाड्या चालल्या होत्या. त्या वाटेवरच्या माणसाच्या मनात काय चालले होते, श्रद्धा आणि शंका तिथे कशा एकत्र राहत होत्या, हे लिहिणारे गद्य तेव्हा मराठीत नव्हते. बखरकाराने चमत्कार लिहिले, सुधारकाने चमत्कारांविरुद्ध लिहिले. मधल्या माणसाचा आवाज आलाच नाही. विसाव्या शतकात वामन मल्हार जोशींनी तो आवाज कादंबरीत आणला. प्रत्येक बाजूत सत्याचा अंश पाहण्याची त्यांची वृत्ती ‘सुशीलेचा देव’मध्ये आणि ‘सॉक्रेटिसाचे संवाद’मध्ये स्पष्ट दिसते. १९३० च्या मडगाव साहित्य संमेलनाचे ते अध्यक्ष होते. निबंधाच्या दृष्टीने मात्र ते शेजारून गेले.

त्यानंतर ‘मी’ आला. ना. सी. फडके यांच्या ‘गुजगोष्टी’, म्हणजे लघुनिबंध, विसाच्या दशकात ‘रत्नाकर’ मासिकात येऊ लागल्या आणि १९३३ मध्ये पुस्तकरूपाने निघाल्या. वि. स. खांडेकर त्याच सुमारास सावंतवाडीच्या ‘वैनतेय’ साप्ताहिकात लिहीत होते. पहिला मान कुणाचा यावर बराच वाद झाला, त्यात आता रस घेण्यासारखे काही उरलेले नाही. अनंत काणेकरांचे ‘पिकली पाने’ १९३४ मध्ये आले. १९४० च्या रत्नागिरी संमेलनाचे अध्यक्षपद फडक्यांकडे आणि १९४१ च्या सोलापूर संमेलनाचे खांडेकरांकडे गेले. लागोपाठ दोन वर्षे दोन लघुनिबंधकार अध्यक्ष झाले, यावरून या प्रकाराच्या लोकप्रियतेची कल्पना येते. फडके महाविद्यालयात तर्कशास्त्र शिकवणारे होते, खांडेकर शिरोड्याच्या शाळेत शिकवत होते. दोघांनीही मराठी गद्याला घरगुती बोलण्याची सहजता दिली, आणि हे काम लहान नाही.

पण त्यांच्या निबंधाचा एक साचा बनला. क्षुल्लक प्रसंगाने सुरुवात, मध्ये कल्पनेचे खेळ, आणि शेवटी जीवनाबद्दलचे एखादे गोड तात्पर्य. हे शेवटचे तात्पर्यच या प्रकाराला घातक ठरले. माँतेनचा निबंध जिथे थांबतो तिथे वाचकाला काय वाटायचे ते ठरलेले नसते. लघुनिबंधात ते पहिल्या ओळीपासून ठरलेले असते. काणेकरांनी आपल्या तिरकस बुद्धीने साचा पुष्कळदा वाकवला, तरी चाळिसाच्या दशकाच्या अखेरीस तो थकला होता.

संशय आणि ‘मी’ मराठीत खऱ्या अर्थाने एकत्र आले ते इरावती कर्वे यांच्या ‘परिपूर्ती’त, १९४९ मध्ये. त्यांची तयारी वेगळी होती. बर्लिनमध्ये पीएच.डी. करताना त्यांनी मानवी कवट्यांची मोजमापे घेतली होती. कवटीच्या ठेवणीवरून वंशाची श्रेष्ठता ठरवू पाहणारे गृहीतक त्या मोजमापांतून सिद्ध होईना, आणि त्यांनी तसेच लिहिले. आपल्या गुरूच्या अपेक्षेविरुद्ध जाणारे उत्तर स्वीकारण्याची ही सवय पुढे निबंधात उतरली. ‘परिपूर्ती’ या निबंधात एका विदुषीची ओळख मोठ्या सासऱ्याची सून, कर्तबगार माणसाची पत्नी अशी करून दिली जाते, आणि ती ओळख पुरी झाली असे तिला वाटते ते रस्त्यावरची पोरे तिला आपल्या मित्राची आई म्हणून ओळखतात तेव्हा. हे समाधान मानायचे की सल, हे लेखिका सांगत नाही.

‘वाटचाल’ हा निबंध त्याहून पुढे जातो. इरावतीबाई दिंडीबरोबर पंढरपूरला चालत गेल्या. पंढरपूर सोलापूर जिल्ह्यातलेच, तेव्हा तिथल्या वाचकाला ती वाट पायाखालची आहे. वारकऱ्यांची श्रद्धा त्यांच्याजवळ तशी नव्हती. त्या मानववंशशास्त्रज्ञ म्हणून नोंदी घेतात, ब्राह्मण आणि मराठा मंडळींच्या पंगती वेगळ्या पडतात हे पाहून अस्वस्थ होतात, ते बोलून दाखवतात. तरीही ओव्या, भजन, शेजारच्या बाईची माया यांनी त्या भारावतात आणि तेही दडवत नाहीत. पंढरीला जाणाऱ्या माणसांवरून महाराष्ट्र ओळखावा अशी त्याची एक नवी व्याख्या त्यांना चालता चालता सापडते. श्रद्धा नाही म्हणून वाट सोडली नाही, आणि वाट धरली म्हणून प्रश्न सोडले नाहीत. लोरेतोच्या देवळात चांदीची तसबीर वाहणारा माँतेन आणि पालखीच्या वाटेवरच्या इरावतीबाई यांत कोणताही उसनवारीचा धागा दाखवता येत नाही. संशयवादाचा मूळ अर्थ दोघांनी आपापल्या वाटेने गाठला, आणि म्हणून ही तुलना करण्याजोगी आहे.

यानंतर वाट मोकळी झाली. दुर्गा भागवतांनी ‘ऋतुचक्र’मध्ये (१९५६) स्वतःला जवळजवळ बाजूला ठेवून निसर्गाकडे पाहिले, आणि ‘व्यासपर्व’मध्ये (१९६२) महाभारतातल्या माणसांबद्दलचे ठरीव निकाल बाजूला सारले. विंदा करंदीकरांचा ‘स्पर्शाची पालवी’ (१९५८) हा संग्रह विचाराला शरीराचा स्पर्श देतो. त्यांतले काही निबंध शेवटच्या ओळीत आधीचे सगळे म्हणणे उलटे करून ठेवतात. श्रीनिवास कुलकर्णींच्या ‘डोह’मध्ये (१९६५) विचारापेक्षा बालपणाची स्मृती प्रबळ आहे, तिथे संशयाला फारशी जागा नाही. अक्कलकोट येथे १९१९ मध्ये जन्मलेल्या त्र्यं. वि. सरदेशमुखांनी संस्थानी नगरीची घुसमट आणि माणसाची आतली तडफड कादंबरीत धरली. ‘डांगोरा एका नगरीचा’ला २००३ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. श्रद्धेचे गाव म्हणून ओळखल्या जाणाऱ्या गावातून मराठीतला एक सर्वांत अस्वस्थ, आत्मशोधक लेखक आला, याची दखल निबंधाच्या इतिहासानेही घ्यायला हवी.

या विषयाकडे प्रथमच वळणाऱ्या वाचकाने सुरुवात ‘वाटचाल’पासून करावी. तो निबंध एका बैठकीत होतो. मग माँतेनच्या इटली प्रवासाच्या नोंदवहीतली लोरेतोची पाने वाचावीत, त्यानंतर ‘अनुभव’ हा निबंध, आणि सेबोंवरचा लांब निबंध सर्वांत शेवटी. तो आधी वाचला तर माँतेन कोरडा पंडित वाटण्याची भीती असते. आगरकरांचे तुरुंगातले १०१ दिवस सोबतीला असावेत. वाचताना लेखकाचे मत काय हे शोधण्याची घाई करू नये. तो कुठे थबकला आणि कुठे फिरला, त्या जागांवर खूण करून ठेवावी.